परक्या भूमीतील गीत

एका भारतीय कंट्री गायकाच्या वाटचालीवरून काही विचार

शास्त्रवाचन : स्तोत्र १३७:१-६, दानीएल ३:१-७, १ करिंथ १४:७-१५, प्रकटीकरण १५:२-४

बाबेलच्या नद्यांकाठी बसलेल्या बंदिवानांकडे त्यांचा पाडाव करणाऱ्यांनी सियोनेच्या गीताची मागणी केली. करमणुकीसाठी केलेली ही मागणी त्यांना असह्य झाली. त्यांनी आपल्या वीणा वाळुंजांवर टांगून ठेवल्या आणि परक्या भूमीत परमेश्वराचे गीत आम्ही कसे गावे, असा प्रश्न केला. स्तोत्र १३७ मधील हा प्रश्न आपण पुष्कळदा वाचला आहे. त्याला एक दुसरी बाजूही आहे, आणि तिच्याकडे आपले लक्ष सहसा जात नाही. परक्या भूमीत जन्मलेले गीत आपल्या भूमीत, आपल्या माणसाने कसे गावे? ते गाताना तो परक्याची नक्कल करीत असतो की स्वतःचे काही सांगत असतो?

मराठी मंडळीला हा प्रश्न नवा नाही. आपल्या उपासनेत पाश्चात्त्य चालींवरची भाषांतरित गीते आणि आपल्या मातीतील अभंग-भजने कित्येक पिढ्या शेजारी शेजारी नांदत आली आहेत. आज तरुणांच्या हाती गिटार आहे आणि वडीलधाऱ्यांच्या ओठी जुनी पदे आहेत. ह्या दोहोंमध्ये पुष्कळ ठिकाणी अबोला आहे. ह्या प्रश्नाचा विचार आपण येथे एका अशा गायकाच्या वाटचालीवरून करणार आहोत, ज्याचे कार्यक्षेत्र मंडळी नव्हे, तर रंगमंच आहे. त्याचे नाव बॉबी कॅश. अमेरिकेत जन्मलेले कंट्री संगीत त्याने आपलेसे केले, दिल्लीत अनेक वर्षे गायिले, आणि पुढे दूरदेशी जाऊन त्याच संगीताच्या जाणकारांपुढे मांडले. 'इंडियन काउबॉय' ह्या नावाने तो ओळखला जातो. त्याच्या वाटचालीकडे वळण्यापूर्वी त्याने जे गीत निवडले त्याची ओळख करून घेऊ.

१. कंट्री गीत म्हणजे काय?

१९२७ च्या जुलै महिन्याच्या अखेरीस राल्फ पीर नावाचे गृहस्थ व्हिक्टर कंपनीच्या वतीने ध्वनिमुद्रणाची यंत्रे घेऊन अमेरिकेतील टेनेसी व व्हर्जिनिया ह्या राज्यांच्या सीमेवरील ब्रिस्टल ह्या गावी आले. डोंगराळ भागातील साध्या माणसांची गीते त्यांना मुद्रित करावयाची होती. ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात तेथे कार्टर कुटुंबातील तिघे जण गायिले. त्याच आठवड्यात जिमी रॉजर्स नावाचा रेल्वेत काम केलेला, क्षयाने पोखरलेला एक तरुणही गायिला. ह्या मुद्रणांपासून कंट्री संगीताच्या व्यावसायिक इतिहासाची सुरुवात मानण्याचा प्रघात आहे. रॉजर्स १९३३ साली वयाच्या पस्तिसाव्या वर्षी मरण पावला. परंतु तेवढ्या अल्प अवधीत त्याच्या तबकड्या जगभर पोहोचल्या होत्या.

ह्या गीतांची रचना साधी असते. थोडेच स्वरमेळ, सरळ चाल आणि एक कथा. रेल्वे, शेत, आई, तुरुंग, दारू, ताटातूट, पश्चात्ताप आणि घराकडची ओढ हे त्यांचे विषय. आपल्याकडील जात्यावरच्या ओवीशी त्यांचे नाते सहज जुळते. ओवी गाणारी स्त्री विद्वत्सभेसाठी गात नसे. हाताला काम आणि मनावर ओझे असताना ती गात असे. कंट्री गीताचा उगमही असाच श्रमात आणि दुःखात आहे.

मंडळीशीही ह्या संगीताचा संबंध जुना आहे. नॅशव्हिल शहरातील 'ग्रँड ओल ऑप्री' हा प्रसिद्ध रेडिओ कार्यक्रम १९२५ साली सुरू झाला. १९४३ पासून १९७४ पर्यंत तो ज्या रायमन सभागृहात होत असे, ते सभागृह मुळात १८९२ साली सुवार्तासभांसाठी बांधलेले मंदिर होते. श्रोते उपासनामंदिरातील बाकांवर बसून कंट्री गीते ऐकत. एकाच गायकाच्या कार्यक्रमात प्रेमभंगाचे गीत आणि तारणाचे गीत एकामागून एक येई. हँक विल्यम्स ह्या थोर गीतकाराने प्रकाश दिसल्याचे साक्षगीत १९४८ मध्ये जगाला दिले, आणि १९५३ च्या पहिल्याच दिवशी, अवघ्या एकोणतिसाव्या वर्षी, व्यसनांनी जर्जर झालेला तोच मनुष्य प्रवासात मोटारीच्या मागच्या आसनावर मृत्यू पावला. गीतात सत्य असूनही गायकाचे जीवन त्याच्या मागे राहू शकते, ह्याची ही दुःखद साक्ष आहे.

भारतातील ख्रिस्ती घरांत हे संगीत प्रामुख्याने जिम रीव्हज ह्यांच्या आवाजातून शिरले. १९६४ साली विमान-अपघातात त्यांचा अंत झाला. तरीही त्यांची नाताळगीते आणि भक्तिगीते आपल्याकडील कित्येक घरांतून नाताळच्या दिवसांत आजही ऐकू येतात. 'कंट्री' हा शब्द ज्यांना ठाऊक नाही, अशांनीही ते संगीत ऐकलेले असते.

२. डेहराडूनचा मुलगा, दिल्लीचा गायक

बॉबी कॅश ह्याचे मूळ नाव बाल किशोर दास लोईवाल. जन्म डेहराडूनजवळील क्लेमेंट टाउन येथील. त्याची एक आत्या-मावशीच्या नात्यातील नातलग नॅशव्हिल येथे जाऊन राहिली होती. तिकडून येणाऱ्या ध्वनिमुद्रिकांच्या द्वारे हे संगीत हिमालयाच्या पायथ्याशी पोहोचले. गीते अशीच प्रवास करतात. संस्था आणि चळवळी पुढे येतात. आधी कोणीतरी आपल्या माणसाला प्रेमाने एक गाणे पाठविते.

जॉनी कॅश ह्या विख्यात अमेरिकन गायकाशी त्याचे काही नाते नाही. त्याचे मूळ नाव कानाशी धरून पाहिले, तर 'बाल'मध्ये बॉबीचा आणि 'किशोर'मध्ये कॅशचा ध्वनी ऐकू येतो. नाव बदललेल्या माणसाविषयी आपण चटकन मत बनवितो. अशा वेळी पवित्र शास्त्र आठवावे. बाबेलच्या दरबारात दानीएलास बेल्टशस्सर म्हणत. हदस्सेला एस्तेर म्हणत. शौल हा पौलही होता. दोन भाषांच्या सीमेवर काम करणाऱ्या मनुष्यास पुष्कळदा दोन नावे असतात. त्याची निष्ठा नावावरून नव्हे, वागण्यावरून ओळखावी लागते.

दिल्लीत कॅनॉट प्लेस येथील 'रोडिओ' ह्या उपाहारगृहात बॉबी कॅश गात असे. अमेरिकेच्या पश्चिम भागाचा देखावा तेथे उभा केलेला होता. बसण्यासाठी घोड्याच्या खोगिरांची आसने होती. वाचकहो, अशा ठिकाणी गाणे म्हणजे काय, ह्याचा क्षणभर विचार करा. समोरचे लोक गाणे ऐकावयास आलेले नसतात. ते जेवावयास आलेले असतात. ताटांचा आवाज आणि गप्पा ह्यांतून गाणे पुढे न्यावे लागते. फर्माइशी येतात त्या दुसऱ्यांच्या प्रसिद्ध गाण्यांच्या. कालचेच गीत आज, आणि आजचेच उद्या, पुन्हा तितक्याच मनापासून गावे लागते. ह्या कामात कीर्ती नसते. मात्र शिक्षण असते.

पुढे २००३ साली ऑस्ट्रेलियातील टॅमवर्थ येथील कंट्री संगीताच्या महोत्सवात तो गायिला. न्यू साउथ वेल्स राज्यातील हे गाव १९७३ पासून दर जानेवारीत ह्या महोत्सवामुळे गजबजून जाते; ऑस्ट्रेलियातील कंट्री संगीताचे ते मुख्य पीठच होय. बॉबी कॅश ह्याच्या जीवनावर 'द इंडियन काउबॉय : वन इन अ बिलियन' ह्या नावाचा माहितीपटही निघाला. त्यानंतर 'काउबॉय अ‍ॅट हार्ट' हा त्याचा गीतसंग्रह आला.

ह्या नावाचा अर्थ 'अंतःकरणाने काउबॉय' असा होतो, आणि त्यातील 'अंतःकरणाने' हा शब्द लक्षात ठेवण्याजोगा आहे. अमेरिकेतील कुरणांवर ह्या गायकाचा जन्म झालेला नाही. त्या जीवनावर त्याचा जन्मसिद्ध हक्क नाही, आणि तसा दावा हे नाव करीत नाही. नाते आहे ते अंतःकरणाचे. आता हे नाते खरे की बनावट, हाच आपल्यापुढील प्रश्न आहे.

३. हे गीत तरी मुळात कोणाचे?

कंट्री हे अमेरिकन गोऱ्या शेतकऱ्याचे शुद्ध संगीत, अशी सर्वसाधारण समजूत असते. वस्तुतः त्याचा एकेक धागा उलगडून पाहिला, तर निराळेच चित्र दिसते. बँजो हे वाद्य गुलाम म्हणून नेलेल्या आफ्रिकन लोकांनी आपल्याबरोबर आणलेल्या वाद्यपरंपरेतून घडले. व्हायोलिनवरच्या चाली स्कॉटलंड आणि आयर्लंड येथून आल्या. पोलादी तुकडा तारांवर सरकवून गिटार वाजविण्याची पद्धत हवाई बेटांवरून आली. गळ्याला हेलकावे देणारी योडलची तऱ्हा आल्प्स पर्वतातील गुराख्यांची. कार्टर कुटुंबाच्या ज्या गाण्यांना आपण त्या कुटुंबाची म्हणतो, ती जमा करण्यासाठी ए. पी. कार्टर डोंगरातील वस्त्यांतून हिंडत, आणि ऐकलेल्या चाली स्मरणात ठेवण्यासाठी लेस्ली रिडल हा कृष्णवर्णीय गिटारवादक त्यांच्याबरोबर असे. हँक विल्यम्सचा गुरूही रस्त्यावर गाणारा कृष्णवर्णीय वादक रूफस पेन हाच होता. त्यांची नावे तबकड्यांवर आली नाहीत. उसने घेणे हे पाप नव्हे. परंतु ज्याचे घेतले त्याचे नाव पुसणे हा अन्याय आहे, हेही येथे नोंदवून ठेवले पाहिजे.

गीताचा हा प्रवास भारतातही आधीच झालेला होता. किशोर कुमार ह्यांचे योडल आपल्याकडे घरोघर ऐकले गेले. ते त्यांनी जिमी रॉजर्स आणि टेक्स मॉर्टन ह्यांच्या तबकड्या ऐकून उचलले होते. ह्यांतील मॉर्टन हे ऑस्ट्रेलियातील कंट्री संगीताच्या आद्य गायकांपैकी एक, जन्माने न्यूझीलंडचे. म्हणजे आल्प्सचा गुराखी, मिसिसिपीचा रेल्वेकामगार आणि न्यूझीलंडचा गायक ह्यांचा आवाज खांडव्याच्या एका मुलाच्या गळ्यातून हिंदी गीतांत उतरला, आणि तो कोणालाही परका वाटला नाही. टॅमवर्थमधील श्रोते तरी कोण होते? त्यांच्या पूर्वसुरींनीही अमेरिकन गीतांच्या अनुकरणापासूनच आरंभ केला. पुढे स्लिम डस्टी ह्यांच्यासारख्यांनी आपल्याच गावांची आणि आपल्याच माणसांची गाणी रचली, तेव्हा ते संगीत ऑस्ट्रेलियाचे झाले.

ह्यावरून एक गोष्ट स्पष्ट होते. ज्यांना आपण एखाद्या गीताचे मूळ मालक समजतो, तेही एके काळी त्याचे भाडेकरीच होते. प्रश्न उगमाचा नसून पुढील वाटचालीचा आहे.

४. नक्कल, भाषांतर आणि निर्मिती

पवित्र शास्त्राच्या भाषांतराचे काम करणाऱ्याला ह्या वाटचालीतील तीन पायऱ्या लगेच ओळखू येतात.

पहिली पायरी नकलेची. लहान मूल भाषा शिकते ती नक्कल करूनच. ह्या पायरीला तुच्छ लेखण्याचे कारण नाही. मात्र येथेच थांबणाऱ्याच्या हाती केवळ बाहेरचे कवच राहते. टोपी, पेहराव आणि उच्चार हुबेहूब साधतात, परंतु गीतातील मनुष्य का रडतो आहे हे गायकाला ठाऊक नसते. भाषांतरात ह्याला आपण शब्दाला शब्द ठेवणे म्हणतो. अशी वाक्ये मराठी लिपीत असतात, पण मराठी नसतात.

दुसरी पायरी भाषांतराची. येथे आधी पुष्कळ काळ ऐकावे लागते. मूळ लेखकास काय म्हणावयाचे आहे हे कळल्यावाचून लेखणी उचलता येत नाही, आणि कळल्यावर आपल्या भाषेतील जिवंत शब्द शोधावा लागतो. स्तोत्र १३७ मध्ये इब्री शब्द 'किन्नोर' असा आहे. ते हातात धरून वाजविण्याचे एक लहान तंतुवाद्य होते. आपल्या भाषांतरकारांनी तेथे 'वीणा' हा शब्द घातला. मराठी वाचकाच्या डोळ्यांपुढे जी वीणा येते, ती यरुशलेमेत नव्हती. तरीही हा शब्द योग्य आहे. कारण ईशस्तुतीसाठी हाती धरावयाचे आदरणीय वाद्य, हा अर्थ तो पोहोचवितो. वाद्य बदलले, आशय टिकला. उपाहारगृहात वर्षानुवर्षे दुसऱ्यांची गीते निष्ठेने गाणारा गायक हेच काम करीत असतो. स्वतःला बाजूस ठेवून तो मूळ गीताला बोलू देतो. अशा निष्ठेशिवाय तिसरी पायरी येत नाही.

तिसरी पायरी निर्मितीची. जो शब्दही रचतो आणि चालही बांधतो त्याला आपल्या परंपरेत 'वाग्गेयकार' असे सुंदर नाव आहे. तेराव्या शतकात यादवांच्या देवगिरीत शार्ङ्गदेवाने 'संगीतरत्नाकर' हा ग्रंथ लिहिला. त्यात वाग्गेयकाराची लक्षणे सांगितली आहेत. शब्द आणि स्वर ह्या दोहोंवर प्रभुत्व असेल तो उत्तम. दुसऱ्याच्या आधाराने रचणारा त्याहून खालचा. ज्याला आज आपण गायक-गीतकार म्हणतो, त्याचे माप महाराष्ट्राच्या भूमीत सातशे वर्षांपूर्वीच ठरले होते. दुसऱ्यांची गीते गात गात स्वतःच्या गीतसंग्रहापर्यंत पोहोचणे, हा बॉबी कॅश ह्याच्या वाटचालीचा गाभा आहे. उसन्या सुरात मनुष्य स्वतःचे सुखदुःख सांगू लागतो, त्या दिवसापासून ते गीत उसने राहत नाही.

५. आपल्या पूर्वजांनी काय केले?

मराठी ख्रिस्ती मंडळीच्या इतिहासात ह्या पायऱ्या स्पष्ट दिसतात. इंग्लंडात जन्मलेले फादर थॉमस स्टीफन्स १५७९ साली गोव्यास आले. येथील भाषा त्यांनी इतक्या निष्ठेने ऐकली की १६१६ साली त्यांचे 'ख्रिस्तपुराण' सुमारे अकरा हजार ओव्यांत प्रसिद्ध झाले. परकीय मनुष्याने आपला छंद घेतला आणि तो आपल्यालाच परत देऊन आपल्या भाषेचे वैभव वाढविले. बॉबी कॅश ह्याने पूर्वेकडून पश्चिमेच्या गीताकडे जो प्रवास केला, तोच स्टीफन्स ह्यांनी चारशे वर्षांपूर्वी उलट दिशेने केला होता.

पुढे मिशनऱ्यांनी इंग्रजी गीतांची भाषांतरे केली. त्यांतील काही आजही आपल्या मनाला उभारी देतात. काहींत मात्र मराठी शब्दांचे आघात पाश्चात्त्य चालीच्या ठेक्याखाली चिरडले गेले. ही अडचण ज्यांनी ओळखली त्यांत रेव्हरंड नारायण वामन टिळक अग्रगण्य होत. १८९५ साली त्यांचा बाप्तिस्मा झाला. तुकोबांच्या वाटेने आपण ख्रिस्तचरणी आलो, अशी त्यांची भावना होती. म्हणून अभंग, पद आणि कीर्तन ह्यांना त्यांनी उपासनेत मानाचे स्थान दिले. 'उपासना संगीत' ह्या आपल्या गीतपुस्तकात त्यांच्या रचनांचा मोठा वाटा आहे. त्यांचे अपुरे राहिलेले 'ख्रिस्तायन' लक्ष्मीबाईंनी पूर्ण केले. टिळक खऱ्या अर्थाने वाग्गेयकारांच्या परंपरेतले होते.

परंतु टिळकांचे नाव घेऊन जे लोक प्रत्येक पाश्चात्त्य वाद्याला नावे ठेवतात, त्यांनी एका वाद्याचा इतिहास आठवावा. ज्या हार्मोनियमशिवाय आपले भजन होत नाही आणि कीर्तन रंगत नाही, तिचा जन्म एकोणिसाव्या शतकात फ्रान्समध्ये झाला. तिच्यातील ठरावीक स्वरांमुळे रागाची मींड निघत नाही, ह्या कारणास्तव १९४० साली ऑल इंडिया रेडिओने तिच्यावर बंदी घातली. ती सुमारे तीस वर्षे टिकली. राजधानीतील अधिकाऱ्यांनी जिला परकी ठरविले, तिला खेड्यापाड्यांतील भजनी मंडळांनी कधीच सोडले नाही. आज ती परकी आहे असे म्हटले तर कोणाचा विश्वास बसणार नाही.

६. दानीएलाच्या ग्रंथातील एक वाद्य

आता शास्त्रपाठाकडे येऊ. दानीएल ३ मध्ये राजा नबुखद्नेस्सराच्या सुवर्णमूर्तीपुढे वाद्ये वाजताच सर्वांनी दंडवत घालावे, अशी आज्ञा आहे. त्या वाद्यांच्या यादीत अरामी मजकुरात एक शब्द येतो, जो मुळात ग्रीक 'किथारा' हा शब्द आहे. हाच शब्द अरबी आणि स्पॅनिश भाषांतून प्रवास करीत करीत आजच्या 'गिटार' ह्या नावापर्यंत आला. म्हणजे गिटारच्या नावाचा पूर्वज पवित्र शास्त्रात प्रथम भेटतो तो मूर्तिपूजेच्या मेळाव्यात. एवढेच वाचून थांबणारा मनुष्य सहज म्हणेल की हे वाद्य अपवित्र आहे.

तथापि नव्या करारात तोच 'किथारा' पुन्हा भेटतो. प्रकटीकरण ५ मध्ये कोकऱ्यापुढे पाया पडणाऱ्या वडिलांच्या हाती तो आहे. अध्याय १५ मध्ये श्वापदावर जय मिळविलेले लोक काचेच्या समुद्राजवळ तोच घेऊन उभे आहेत आणि मोशेचे व कोकऱ्याचे गीत गात आहेत. आपल्या भाषांतरात तेथेही 'वीणा' हाच शब्द असल्यामुळे हा संबंध सहसा लक्षात येत नाही. बाबेलच्या मैदानात मूर्तीपुढे वाजलेले वाद्य स्वर्गात देवाच्या स्तुतीसाठी वाजते. दोहोंत फरक पडला तो कोणासमोर वाजविले जाते ह्यामुळे.

प्रेषित पौलानेही ह्याच वाद्याचे उदाहरण घेतले आहे. १ करिंथ १४:७ मध्ये तो म्हणतो की पावा किंवा 'किथारा' ह्यांच्या नादांत भेद नसेल, तर काय वाजविले जात आहे ते कळणार कसे? लगेच पुढे आत्म्याने गाणे आणि बुद्धीनेही गाणे, असा त्याचा निश्चय आपण वाचतो. मंडळीतील गायन समजले पाहिजे, हा पौलाचा आग्रह आहे. वाद्य कोणत्या देशाचे, ह्याची तो चौकशी करीत नाही.

आणखी एक साक्ष पाहा. स्तोत्र ८, ८१ व ८४ ह्यांच्या शीर्षकांत 'गित्तीथ' असा शब्द आहे. त्याच्या अर्थाविषयी पंडितांत मतभेद आहेत. परंतु दाविदाने गथ नगराहून आणलेली वीणा, असा अर्थ प्राचीन अरामी तार्गुमात दिलेला आहे. गथ म्हणजे पलिष्ट्यांचे नगर, गल्याथाचे गाव. हा अर्थ खरा असेल, तर शत्रूच्या गावचे वाद्य इस्राएलाच्या उपासनेत पोहोचले होते. आणि ज्या चालींवर ती स्तोत्रे गायिली जात त्या सर्व चाली आज लुप्त झाल्या आहेत. बावीसाव्या स्तोत्राच्या शीर्षकात 'प्रभातीची हरिणी' ह्या नावाची चाल सुचविली आहे. ती कशी होती हे पृथ्वीवर कोणालाही माहीत नाही. तरी प्रत्येक भाषेने त्या शब्दांना नवी चाल दिली, आणि स्तोत्र जिवंत राहिले. आपली चाल ही शेवटची चाल, असे कोणत्याच पिढीला म्हणता येणार नाही.

७. आपल्यासाठी बोध

नोकरीनिमित्त दिल्ली, नोएडा, गुडगाव किंवा फरीदाबाद येथे स्थायिक झालेल्या मराठी ख्रिस्ती कुटुंबाचा विचार करा. मुले शाळेत इंग्रजी शिकतात, रस्त्यावर हिंदी बोलतात, रविवारी बहुधा ह्याच दोन भाषांत गातात. मराठी उरते ती आजीशी बोलण्यापुरती. बंगळूरू असो वा अहमदाबाद, चित्र फारसे निराळे नाही. अशा घरातील मुलगा गिटार घेऊन इंग्रजी गीत गाऊ लागला तर आईवडिलांनी काय करावे?

त्याच्या हातातून गिटार काढून घेणे हा उपाय नव्हे. टोपी आणि उच्चार साधले एवढ्यावर त्याचे कौतुक करून थांबणे, हाही उपाय नव्हे. त्याला तीन प्रश्न विचारावयास शिकवावे. पहिला : तू गातोस त्याचा अर्थ तुला आणि ऐकणाऱ्याला कळतो काय? दुसरा : हे गीत कोणासमोर गाइले जात आहे, देवासमोर की टाळ्या वाजविणाऱ्यांसमोर? तिसरा : ह्या गीतात तुझे स्वतःचे जीवन आहे काय? हा तिसरा प्रश्न आमोस संदेष्ट्याचा आहे. तो तकोवाचा मेंढपाळ, उंबराची निगा राखणारा, खऱ्या अर्थाने खेड्यातला मनुष्य. न्यायावाचून गायिलेल्या गीतांचा गोंगाट देवाला नकोसा झाला आहे, असे त्याने निर्भयपणे सांगितले. हँक विल्यम्सच्या जीवनाची शोकांतिकाही हाच प्रश्न आपल्यापुढे ठेवते.

ह्याबरोबर वडीलधाऱ्यांवरही एक जबाबदारी आहे. नॅशव्हिलहून कोणीतरी गाणी पाठविली, म्हणून डेहराडूनच्या मुलाला ती मिळाली. आपल्या मुलांना मराठी गीत कोण पाठवीत आहे? हेमा राईरकर आणि गी प्वातव्हँ ह्यांनी महाराष्ट्राच्या खेड्यांतील स्त्रियांकडून जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्या जमा केल्या. जाती थांबली तरी त्या ओव्या उरल्या, कारण कोणीतरी बसून ऐकले आणि लिहून घेतले. आपल्या आज्यांना पाठ असलेली टिळकांची पदे, नाताळातील गीते आणि शोकप्रसंगीची भजने मुलांच्या कानांवर पडली नाहीत, तर पुढे त्यांनी ती गायिली नाहीत म्हणून त्यांस दोष देण्याचा अधिकार आपल्याला राहणार नाही.

उसने सूर घेऊन स्वतःचे बोलता येते, हे बॉबी कॅश ह्याच्या वाटचालीने दाखविले आहे. परंतु त्यासाठी दीर्घ काळ ऐकावे लागते, न ऐकणाऱ्यांपुढेही निष्ठेने गावे लागते, आणि मग अंतःकरणातून स्वतःचे गीत यावे लागते. स्तोत्र १३७ मधील बंदिवानांनी आम्ही कसे गावे असे विचारले. तो त्यांचा प्रश्नच एक गीत झाला आणि आज आपण तो परक्या भाषेत, म्हणजे आपल्या मराठीत, वाचीत आहोत. वीणा वाळुंजांवर कायमच्या टांगलेल्या राहिल्या नाहीत. त्या खाली उतरविण्याचे काम प्रत्येक पिढीला करावे लागते.

मननासाठी व गटचर्चेसाठी प्रश्न

१. आपल्या मंडळीत गाइल्या जाणाऱ्या पाच आवडत्या गीतांची यादी करा. त्यांतील प्रत्येकाचे शब्द आणि चाल कोठून आली ह्याचा शोध घ्या. त्यावरून काय दिसून येते?

२. दानीएल ३:५ आणि प्रकटीकरण १५:२ एकत्र वाचा. एखादी वस्तू देवाच्या सेवेस योग्य की अयोग्य, हे कशावरून ठरवावे?

३. आपण एखादे गीत केवळ नकलेने गातो, समजून गातो की स्वतःचे म्हणून गातो, हे कसे ओळखता येईल?

४. ह्या महिन्यात आपल्या घरातील सर्वांत वृद्ध व्यक्तीकडून एक गीत शिकून घ्या व ते लहानातल्या लहानाला शिकवा.